कोरड्या महिन्यांचं कलम

१८ जानेवारी

दादा,

फोन तू उचलत नाहीस म्हणून लिहायला बसले. तू हे फाडून टाकणार नाहीस एवढं मला माहीत आहे. कागद फाडणं तुझ्याच्याने होत नाही; तू पाकीटसुद्धा ब्लेडने कडेकडेने कापून उघडतोस.

सोमवारी आपलं बोलणं अर्धवट राहिलं. म्हणजे मी बोलत होते आणि तू फोन ठेवलास. वर्तमानपत्रात येण्याआधी तुला माझ्याकडून कळावं एवढाच हेतू होता. पण मी सुरुवातच चुकीच्या टोकाकडून केली, तेव्हा आता सरळ लिहिते.

मंत्रालयाने मला लवादापुढे तज्ज्ञ साक्षीदार म्हणून बोलावलंय आणि मी हो म्हटलंय. प्रकरण तुझ्याच नदी-कराराचं आहे. तू परराष्ट्र खात्याचा कायदा सल्लागार असताना, पलीकडच्या त्या जाड भिंगवाल्या सल्लागाराबरोबर हिवाळ्यांमागून हिवाळे एका टेबलाशी बसून जो लिहिलास, तोच. त्यातलं कोरड्या महिन्यांचं कलम सरकारला आता नकोसं झालंय. नदी आटते तेव्हा आपल्या धरणाचे दरवाजे ठरलेल्या मापाने उघडे ठेवायचे, म्हणजे खालच्या देशातल्या शहराला प्यायला पाणी पोचतं. ते पाणी आपल्याला वीजघरासाठी अडवून ठेवायचंय आणि बदल्यात त्यांना भरपाई द्यायचीय. त्यांनी भरपाई नको म्हटलं आणि थेट लवाद गाठला.

मी काय शिकवते ते तुला ठाऊक आहे. आंतरराष्ट्रीय कायद्याला किराणा दुकानाचा तराजू लावते, असं तू वहिनीच्या भाच्याला सांगितलं होतंस, तेही माझ्या कानावर आलंय. हरकत नाही. देश हा माणूस नव्हे. पाळणं परवडतं तोवर तो करार पाळतो. आणि करार मोडून, समोरच्याचं नुकसान पुरतं भरून दिल्यावरही गाठीशी काही उरत असेल, तर मोडण्यात कुणाचंच वाईट होत नाही. उभं आयुष्य हे मी वर्गात सांगत आले. आज पहिल्यांदा कुणीतरी ते खऱ्या नदीवर लावून बघायला मागतंय. मी नाही कशी म्हणू?

तू म्हणालास, "ठमे, शब्द दिलाय आपण."

मी म्हणाले, "शब्दाची किंमत काढता येते, दादा."

त्यानंतर मागे वहिनीच्या मिक्सरची घरघर, आणि खट्ट.

तुला डिवचायला मी ते बोलले नव्हते. मला ते खरंच पटतं. कदाचित तेच तुला जास्त लागलं असेल.

दोन ओळी लिही. शिव्या दिल्यास तरी चालेल, तुझ्या शिव्या व्याकरणशुद्ध असतात.

ठमी


२६ फेब्रुवारी

दादा,

उत्तर नाही. पण वहिनीचा फोन आला होता. भाजीच्या दुकानाबाहेरून बोलत होती, घरून बोलायची तिला बंदी आहे की काय कोण जाणे. म्हणाली, "तो वाचतो गं. उघडतो, वाचतो, आणि परत पाकिटात घालून पाकीट चिकटवून ठेवतो. मी काय आंधळी आहे?" तेव्हा तू वाचतोस असं धरून चालते.

अहवाल पुरा झाला आणि दोन्ही बाजूंना गेला, म्हणून आता सांगायला हरकत नाही. दादा, हिशेब जुळतो. मी तो उलटसुलट तपासला. खालच्या शहराने त्या महिन्यांत विहिरींचं पाणी उपसायचं, टँकर लावायचे, पंप बसवायचे, या सगळ्याचा खर्च आपण उचलायचा, वर थोडं सैल हातानेच द्यायचं, तरीही आपल्या वीजघराचा फायदा त्याहून मोठा निघतो. दोघंही आहेत त्याहून बऱ्या ठिकाणी पोचतात. यात फसवाफसवी नाही. असती तर मी सही केली नसती.

आपल्या बाजूचे वकीलसाहेब यावर बेहद्द खूश आहेत. मी त्यांना मनातल्या मनात परीटघडी म्हणते. त्यांच्या बाहीला सुरकुती पडलेली कुणी पाहिलेली नाही. ते बसतात तेसुद्धा कोटाला विचारून बसतात. परवा माझ्या खोलीत आले. तुला माझी खोली आठवते ना, जिन्याखालची, जिथे उभं राहिलं की तुझं डोकं वर लागायचं? खुर्चीवरचे उत्तरपत्रिकांचे गठ्ठे मी खाली ठेवले, त्यांनी रुमालाने खुर्ची झटकली आणि मला साक्षीचे धडे दिले.

"बाई, एकच नियम. प्रश्न जेवढा, उत्तर तेवढंच. वर्गात आहोत असं समजून शिकवायला लागू नका."

"आणि प्रश्नच अपुरा असला तर?"

"तर उत्तरही अपुरं द्यायचं," ते हसून म्हणाले. "त्यालाच वकिली म्हणतात."

एक गोष्ट मात्र मला खुपते. त्यांनी भरपाई नाकारली का? माझ्या हिशेबाप्रमाणे त्यांनी ती दोन्ही हातांनी घ्यायला हवी होती. परीटघडी म्हणतात, हट्ट. मंत्रालय म्हणतं, राजकारण. मी विद्यार्थ्यांना नेहमी सांगते, समोरचा मूर्खपणा करतोय असं वाटलं की आधी आपला कागद परत बघा. मी बघितला. काही सापडलं नाही.

तुझे गुडघे कसे आहेत? हे वहिनीला विचारू शकते, पण तुझ्याकडून ऐकायचंय.

ठमी


१४ एप्रिल

दादा,

मी तुझ्या नदीवर जाऊन आले.

लवादाने प्रत्यक्ष पाहणी ठेवली होती. तिघं पंच, दोन्हीकडचे वकील, दोन्हीकडचे तज्ज्ञ, सगळी वरात दोन बसमधून. आधी आपलं धरण, मग सीमा ओलांडून खालचं शहर. अध्यक्षबाई तुझ्या वयाच्या असतील. काठी घेऊन चालतात आणि कुणी हात पुढे केला की त्याच्याकडे अशा बघतात की तो हात खिशात घालतो.

शहराचं काय सांगू? शहरासारखं शहर. आपल्या गावाच्या दुप्पट असेल. नदीकाठी पाणीपुरवठ्याची इमारत, तिच्यामागे कापड रंगवायचे कारखाने, मग चढणीवर घरं. आम्हाला पंप दाखवले, नळ दाखवले, नकाशे दाखवले. त्यांचा तज्ज्ञ सगळीकडे एकच वाक्य म्हणत होता, "पाण्याला पर्याय नाही", आणि मी दर वेळी मनात म्हणत होते, आहे, माझ्या अहवालाचं परिशिष्ट बघ.

दुपारी जेवणानंतर थोडा मोकळा वेळ मिळाला, तेव्हा मी एकटीच चढणीवर फिरून आले. घरांच्या छपरांवर पाण्याच्या टाक्या आहेत. एकेका घरावर दोन. एक जुनी, उन्हाने विटलेली, आणि शेजारी एक नवी कोरी, कंपनीचा कागदही न काढलेली. रस्ताभर तेच. कोपऱ्यावरच्या दुकानदाराला विचारलं, म्हणाला, वर्षभर टाक्यांशिवाय दुसरं काही विकलं जात नाहीये, रंगाचे डबे मागच्या खोलीत नेऊन ठेवलेत.

परतताना बसमध्ये माझ्या शेजारी त्यांच्या बाजूची तरुण वकीलबाई बसली होती. शिष्टाचार म्हणून प्रकरणावर बोलायचं नव्हतं, म्हणून ती तिच्या भावाबद्दल बोलली. रंगाच्या कारखान्यात आहे. मालकाने नवं यंत्र मागवलं होतं, ते रद्द केलं, म्हणून भाऊ आता दुसऱ्या शहरात नोकरी बघतोय. "आई रडते," ती म्हणाली, आणि मग खिडकीबाहेर बघत राहिली.

बाकी विशेष काही नाही. चप्पल चावली, टाचेला फोड आलाय. साक्ष पुढच्या महिन्यात आहे.

ठमी

ता. क. आपण अजून एक थेंबही अडवलेला नाही, दादा. दरवाजे आजही करारात आहेत तसेच उघडले जातात. मी स्वतः नोंदी पाहिल्या.


१९ मे

दादा,

काल साक्ष झाली. वर्तमानपत्रं तू वाचली असशील, तरी माझ्याकडून ऐक.

सकाळ परीटघडींची होती. त्यांनी विचारलं, मी सांगितलं. दोघंही कसे फायद्यात जातात, भरपाई कशी मोजली, जगात असे करार कसे बदलले जातात. आवाज चांगला लागला होता. मध्ये एकदा पंचांपैकी एकाने मान डोलावली तेव्हा परीटघडींनी चक्क पाय पसरले.

मग त्या तरुण वकीलबाईने उलटतपासणी घेतली. मुलगी हुशार आहे, पण ती माझ्या आकड्यांशी भांडत बसली आणि आकडे बरोबर होते. तासाभरात ती थकली. मला खरं तर तिची कीव आली. ती खाली बसली आणि मला वाटलं, संपलं.

तेवढ्यात अध्यक्षबाईंनी चष्मा काढला.

"प्राध्यापकबाई, तुम्ही अहवाल लिहिलात तो पाहणीच्या आधी. बरोबर?"

"हो."

"पाहणीत तुम्ही आमच्याबरोबर होतात. तिथे पाहिलेलं असं काही आहे का, जे अहवालात असायला हवं होतं आणि नाही?"

दादा, त्या सभागृहात घड्याळ नाही. असतं तर बरं झालं असतं, कशाकडे तरी बघता आलं असतं. परीटघडी माझ्याकडे बघत नव्हते. ते पेनचं टोपण लावत होते, काढत होते. नाही म्हणायला एक शब्द पुरला असता. कुणी खोटं ठरवू शकलं नसतं. मी काय पाहिलं ते मलाच माहीत.

मी म्हणाले, "हो, आहे."

"सांगा."

"मी करार मोडल्यानंतरच्या नुकसानाची भरपाई मोजली. पण करार अजून मोडलेला नाही आणि नुकसान सुरू झालंय. आम्ही मोडू शकतो एवढं कळल्याबरोबर तिथल्या लोकांनी टाक्या घेतल्या, कारखान्यांनी यंत्रं रद्द केली, माणसं गाव सोडायला लागली. हे माझ्या हिशेबात नाही."

"मग हिशेबात घाला आणि भरपाई वाढवा," उजवीकडचे पंच म्हणाले. "तुमच्याच पद्धतीने."

"तेच अवघड आहे," मी म्हणाले. "या वर्षी भरपाई घेतली म्हणजे पुढेही दर वर्षी आम्ही मोडू शकतो हे त्यांनी मान्य केल्यासारखं होईल. मग टाक्या कायमच्या. किती द्यायचं ते आम्ही ठरवणार, कधी मोडायचं तेही आम्हीच, आणि दरवाजाही आमच्याच हातात. समोरच्याने मनापासून हो म्हटल्याशिवाय ती भरपाई पुरेशी आहे असं माझं शास्त्रही म्हणू शकत नाही. आणि त्यांनी नाही म्हटलंय. मी त्यांच्या नकाराला हट्ट समजत होते. तो हिशेब होता. माझ्यापेक्षा बरा."

सभागृहात कुजबुज झाली. तरुण वकीलबाई माझ्याकडे तोंड उघडं टाकून बघत होती. अध्यक्षबाईंनी चष्मा परत लावला, काहीतरी लिहिलं, आणि "आभारी आहे" म्हणाल्या. बस्स.

बाहेर जिन्यात परीटघडींची गाठ पडली. मला वाटलं ओरडतील. त्यांनी फक्त एवढंच विचारलं, "तुमच्या भावाने पढवलं का?"

"माझा भाऊ माझ्याशी बोलत नाही," मी म्हणाले.

दादा, एक गैरसमज नको. मी तुझ्या बाजूला आलेले नाही. शब्द पवित्र असतो वगैरे मी आजही म्हणणार नाही. मी माझ्याच तराजूने मोजलं, फक्त या खेपेला दोन्ही पारडी पाहिली.

ठमी


११ जून

दादा,

तुझं पाकीट मिळालं. माझ्या साक्षीची अधिकृत प्रत, पानोपानी पेन्सिलीने तपासलेली! सात ठिकाणी स्वल्पविराम, एका ठिकाणी "असल्याकारणाने" खोडून "म्हणून". बाकी एक अक्षर नाही. ना मायना, ना सही. मी जिन्याखालच्या खोलीत बसून इतकी हसले की शेजारच्या खोलीतले करारशास्त्रवाले सर बघायला आले.

हसायची गरज होती. इकडे हवा तापलेली आहे. एका वर्तमानपत्राने मला घरभेदी म्हटलं, फोटो मात्र बरा छापला. मंत्रालयाच्या सल्लागार समितीवरून माझं नाव निघालं. विभागप्रमुखांनी चहाला बोलावलं आणि चहा येईपर्यंत हवामानावर बोलले, त्यावरून मी ओळखलं. विद्यापीठाच्या संशोधन केंद्राच्या संचालकपदासाठी माझ्या नावाचा विचार "तूर्त" थांबवला आहे. त्या पदासाठी मी काय काय केलं ते तुला माहीत आहे. पहिल्या दिवशी रडले. दुसऱ्या दिवशी तास होता, त्यामुळे जमलं नाही.

वर्गात मागच्या बाकावरच्या मुलीने हात वर केला. "मॅडम, म्हणजे तुमचा सिद्धांत चुकला का?"

"चुकला नाही. अपुरा होता."

"मग परीक्षेत कुठला लिहायचा?"

सगळा वर्ग हसला. मी म्हटलं, दोन्ही लिही आणि कुठे अपुरा पडतो ते दाखव. आता शंभर उत्तरपत्रिकांत तेच वाचायला मिळणार. आपल्याच पायावर धोंडा.

"म्हणून" बरोबर आहे. पण तिसऱ्या पानावरचा स्वल्पविराम मला मान्य नाही.

ठमी


२८ जुलै

दादा,

निकाल आला त्या संध्याकाळी फोन वाजला आणि मी उचलला. मग घसा खाकरल्याचा आवाज. तो मी कुठेही ओळखला असता. तू म्हणालास, "वाचलास?" मी म्हणाले, "वाचला." तू म्हणालास, "परिच्छेद लांब आहेत." आणि मग फोन मात्र बराच वेळ कुणीच ठेवला नाही.

तेव्हा जे म्हणायचं राहिलं ते लिहिते. निकाल दोघांनाही पुरता आवडणारा नाही, यावरून तो बरा असावा. करार कायम. एकट्याने, भरपाई देऊनसुद्धा, कलम मोडता येणार नाही. पण आपल्याला विजेची गरज खरी आहे हेही त्यांनी मानलं आणि कोरडे महिने पुन्हा सुरू होण्याआधी दोघांनी टेबलाशी बसा म्हणून सांगितलं. मंत्रालयाने तुला बोलावलं हे वहिनीकडून कळलं. (या खेपेला ती घरूनच बोलत होती.) तू अजून हो म्हटलेलं नाहीस असंही कळलं. "या वयात कोण पुन्हा ते टेबल धरून बसणार," असं म्हणालास म्हणे.

तूच बसणार. त्यांचा जाड भिंगवाला आता नाही, हे मला ठाऊक आहे. तुला तिथे त्याची खुर्ची दिसणार, हेही. पण त्या कलमातला प्रत्येक शब्द का तसा आहे हे सांगू शकणारा आता एकटा तू उरला आहेस.

शनिवारी येते आहे. जेवायला भांडण कर, पण आमटी वहिनीच्या हातची असू दे.

ठमी


९ ऑगस्ट

दादा,

घरी पोचले. वहिनीने दिलेलं लोणचं पिशवीत सांडलं, त्यामुळे तुझ्या टिपणांना आता वास आहे.

शनिवारचं भांडण अर्धवट राहिलं, म्हणून पुढचं लिहिते. आपण एवढे ओरडत होतो की वहिनीने उठून खिडक्या लावल्या. "सहा महिने घरात स्मशानशांतता, आणि आता हे," ती म्हणाली. पण तिच्या तोंडावर हसू होतं, तू पाहिलं नाहीस.

मी बसमध्ये तुझं ते बोलणं घोळवत होते. कोरड्या महिन्यांचं कलम तुम्ही उदार होऊन दिलं नव्हतं, त्याच्या बदल्यात त्यांच्याकडून बंदरापर्यंतचा रस्ता घेतला होता, हे मला आजवर ठाऊक नव्हतं. दोन वर्षं घासाघीस चालली होती म्हणालास. मी खवळले. म्हटलं, म्हणजे तुम्हीही बाजारच केलात, मग मला जानेवारीत शब्द-शब्द काय ऐकवत होतास?

तेव्हा तू आमटीची वाटी बाजूला सारलीस आणि म्हणालास, "घासाघीस शब्द देण्याआधी करायची असते, ठमे. दिल्यावर नाही. दिल्यावरही करत राहिलो तर पुढच्या वेळी आपल्याशी घासाघीस करायला तरी कोण बसेल?"

मला तिथल्या तिथे उत्तर सुचलं नाही. मला सुचलं नाही असं फार वेळा होत नाही, तेव्हा तू त्याचा आनंद घेतलास. घे. आता माझं उत्तर.

बरोबर आहे तुझं. पण तू कधीतरी खुर्चीवर नसशीलच. मग शब्द कोण धरून ठेवणार? पुढचा मंत्री तुझा भाऊबंद नव्हे. माझ्या विषयात याचा एकच उपाय आहे: मोडणं आधीच अवघड करून ठेवायचं. आणि भरपाईने ते होत नाही, दरवाजाने होतं. आज आपल्या माणसाने दरवाजा बंद केला तर खालच्या शहराला कळतं ते नळ कोरडा पडल्यावर. त्यांचा एक माणूस तिथेच, नियंत्रणाच्या खोलीत, आपल्या माणसाशेजारी बसला तर? दोघांनी मिळून बटण दाबल्याशिवाय दरवाजा ना उघडायचा ना लावायचा. बदल्यात आपल्याला एक महिना कमी पाणी सोडायची मुभा मागू, मोजून, आधी सांगून. त्यांना भरवसा मिळतो, आपल्याला वीज. घासाघीस म्हणालास ना? ही घे.

तू म्हणशील, आपल्या धरणात परका माणूस, कुठलं मंत्रालय ऐकेल? ते तू बघ. तेवढ्यासाठीच तर तुला बोलावलंय.

ठमी


२ ऑक्टोबर

दादा,

तुझा मसुदा मिळाला. दुसरं कलम सुरेख आहे, वाचताना मला तू टेबलाशी बसलेला दिसलास. तिसरं मान्य नाही. "शक्य तोवर" हे दोन शब्द तू कुणाच्या भिडेखातर घातलेस? मंत्रालयाच्या ना? त्या दोन शब्दांतून अख्खी नदी वाहून जाईल. काढ.

ती तरुण वकीलबाई त्यांच्या बाजूने बसतेय हे ऐकून बरं वाटलं. ती तुला "आजोबा" म्हणाली आणि तू चिडला नाहीस, हेही कळलंय.

गुडघ्याचं ऑपरेशन पुढे ढकलू नकोस. करार झाला की दुसऱ्या दिवशी भरती हो. हे कलम वाटाघाटीचं नाही.

ठमी


३ डिसेंबर

दादा,

तू आत्ता खाटेवर पाय वर करून पडला असशील आणि वहिनीला हैराण करत असशील. मी धरणावरून लिहिते आहे, दरवाजांच्या वरच्या नियंत्रणाच्या खोलीतून. फोन लावणार होते, पण पाण्याच्या या गर्जनेत तुला काही ऐकू आलं नसतं. आणि तुला सगळं रीतसर, क्रमाने लागतं.

आज नव्या कलमाचा पहिला दिवस. मंत्रालयाने मला "निरीक्षक" म्हणून येऊ दिलं. जूनमध्ये जो अधिकारी माझ्याकडे बघत नव्हता त्यानेच गाडी पाठवली.

खोली लहान आहे. एक लांब टेबल, त्यावर दोन खटके, एक आपला, एक त्यांचा, हातभर अंतरावर. आपला माणूस पन्नाशीचा, पोट सुटलेला, इथेच आयुष्य गेलेला. त्यांची बाई त्याच्याहून लहान, चार दिवसांपूर्वी आली. जागा तिला अजून अंगवळणी पडलेली नाही. स्वतःचा पेला स्वतःच्या पिशवीत परत ठेवते. दोघं एकमेकांना "अहो" म्हणतात आणि त्यापलीकडे फारसं काही म्हणत नाहीत.

ठरल्या वेळेआधी थोडंसं, टेबलावरचा फोन वाजला. आपल्या माणसाने उचलला. वीजघराच्या कचेरीतून होता. पलीकडचं मला ऐकू येत नव्हतं, पण त्याचा चेहरा मी बघत होते.

"हो साहेब... हो... आजचा दिवस थांबायचं?" तो म्हणाला. "लेखी आहे का काही?... नाही, ते कळलं, वर मागणी आहे, कळलं..."

 त्या बाईला सगळं समजलं. ना तक्रार, ना कागद. तिने खुर्ची जराशी पुढे ओढली आणि हात स्वतःच्या खटक्यावर ठेवला. नुसता ठेवला.

तो तिच्याकडे बघत होता. मग फोनमध्ये म्हणाला, "साहेब, नाही जमणार. त्या इथे समोर बसल्यात."

पलीकडून बराच वेळ काहीतरी येत राहिलं. तो ऐकत राहिला. "हो साहेब, तुम्ही पाठवा लेखी, मी त्यांनाही दाखवतो," असं म्हणून त्याने फोन ठेवला, कपाळ पुसलं, आणि तिला म्हणाला, "चला."

दोघांनी मिळून दाबलं.

दरवाजा लगेच उघडत नाही, हे तुला कुणी सांगितलं नसेल. आधी भोंगा वाजतो. मग पायाखालची जमीन थरथरते, आणि तरी काही दिसत नाही. मग खालून एक पांढरी रेघ येते, दोरीएवढी, ती रुंदावते, आणि मग सगळं दिसायचं बंद होतं, नुसते तुषार. काच ओली झाली. त्या बाईने खालच्या शहराला फोन लावला आणि मोठ्याने ओरडून सांगितलं, "सोडलं!"

आपला माणूस डबा उघडून बसला. मी त्याला विचारलं, "असं रोज जमेल?"

"पहिलाच दिवस आहे, बाई," तो म्हणाला. त्याने डब्याचं झाकण उलटं केलं, त्यात थोडं जेवण काढलं, आणि टेबलावरून पलीकडे सरकवलं. "उद्याचं उद्या बघू."

ठमी